नागिणीची लस आणि दोन दिवसांचा ताप

(दिंडोरी येथे शिक्षक, ग्रामपंचायत सदस्य आणि सेवानिवृत्त कर्मचारी यांच्यासमोर दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



प्रारंभीच एक खुलासा करणे मला आवश्यक वाटते. मी वैद्य नव्हे. कला शाखेची पदवी घेऊन माहिती खात्यात आलेला मी एक नोकर माणूस आहे. तज्ज्ञांनी सिद्ध केलेली गोष्ट सामान्य माणसाला समजेल अशा भाषेत त्याच्यापर्यंत नेऊन पोचविणे, एवढेच माझे काम. नाशिकहून दिंडोरीकडे येताना म्हसरूळच्या परिसरात महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठ लागते. १९९८ साली स्थापन झालेल्या या विद्यापीठाच्या कक्षेत साऱ्या राज्यातील वैद्यकीय शिक्षण येते. तेथून आपल्या तालुक्यातील कोणत्याही घराची ओसरी फार दूर नाही. परंतु काही ज्ञानाला हे थोडेसे अंतर कापावयास वर्षानुवर्षे लागतात. ते का लागतात आणि ते कमी करण्यात आपला वाटा कोणता, याचा विचार आज नागीण या रोगाच्या निमित्ताने करावयाचा आहे.

मावशीचा पदर

माझी एक मावशी कादवेकाठच्या एका खेड्यात राहत असे. मी महाविद्यालयात असतानाची ही गोष्ट. एके दिवशी तिच्या कपाळाची उजवी बाजू जळजळू लागली. दोन दिवस तिने डोकेदुखी समजून कपाळाला सुंठ उगाळून लावली. तिसऱ्या दिवशी कपाळापासून पापणीपर्यंत पाण्याने भरलेले बारीक फोड उठले. शेजारणीने पाहताच सांगितले, ‘ही तर नागीण!’ मग एका जाणत्याला बोलाविण्यात आले. त्याने फोडांवर गेरूचा लेप दिला, मंत्र म्हटला आणि नागिणीचे तोंड व शेपूट एकमेकांना भिडू न देण्याचा उपाय केल्याचे सांगितले. घरातील सारी मंडळी फोड कोठवर सरकतात यावर लक्ष ठेवून होती. डोळा लाल होत चालला आहे, याकडे मात्र कोणाचे लक्ष नव्हते. सहाव्या दिवशी तिला नाशिकला नेत्रतज्ज्ञाकडे नेले, तेव्हा बुबुळाला इजा झालेली होती.

फोड तीन आठवड्यांत वाळले. जाणत्याला नारळ आणि दक्षिणा मिळाली. परंतु त्या डोळ्याची नजर कायमची अंधुक झाली आणि कपाळाची आग पुढे कित्येक वर्षे गेली नाही. आयुष्यभर डोक्यावर पदर घेतलेली ही बाई, पण त्या पदराचा काठ कपाळाला लागला तरी ती कळवळत असे. शेवटी तिने डोक्यावरून पदर घेणे सोडून दिले. गावातील बायकांना ते वेगळे वाटले. कारण फार थोड्यांना माहीत होते.

मी हे कोणाला दोष देण्यासाठी सांगत नाही. त्या घरातील प्रत्येकाने आपल्या समजुतीप्रमाणे मायेनेच सारे केले. उणीव मायेची नव्हती, माहितीची होती.

नागीण म्हणजे काय?

लहानपणी येणाऱ्या कांजिण्या आपणा सर्वांना ठाऊक आहेत. कांजिण्या आणि नागीण हे एकाच विषाणूचे दोन अवतार आहेत. कांजिण्या बऱ्या होतात, खपल्या पडतात, मूल पुन्हा शाळेत जाऊ लागते. पण तो विषाणू शरीरातून जात नाही. पाठीच्या कण्यालगत आणि मेंदूच्या तळाशी मज्जातंतूंच्या ज्या गाठी असतात, त्यांत तो निपचित पडून राहतो. दहा वर्षे, तीस वर्षे, पन्नास वर्षे. शरीराची प्रतिकारशक्ती सबळ असते तोवर ती त्याला डोके वर काढू देत नाही. वय वाढले, मधुमेहासारखा आजार जडला, किंवा कर्करोगाच्या व अवयवरोपणाच्या उपचारांमुळे प्रतिकारशक्ती दुबळी झाली, की हा विषाणू जागा होतो आणि मज्जातंतूच्या वाटेने त्वचेपर्यंत येतो. इंग्लंडमधील सायरनसेस्टर या लहानशा गावी दवाखाना चालविणारे डॉक्टर एडगर होप-सिम्पसन यांनी आपल्या रुग्णांच्या वर्षानुवर्षांच्या नोंदींवरून १९६५ साली ही उपपत्ती मांडली आणि पुढील संशोधनाने ती खरी ठरली. मोठ्या प्रयोगशाळेत नव्हे, तर गावच्या दवाखान्यातील नोंदवहीत हा शोध लागला, ही गोष्ट आपल्यासारख्या ग्रामीण भागात काम करणाऱ्यांनी लक्षात ठेवण्यासारखी आहे.

आता तोंड आणि शेपूट यांचा प्रश्न. विषाणू ज्या मज्जातंतूच्या वाटेने येतो, त्या तंतूचे क्षेत्र शरीराच्या एकाच बाजूस, पाठीच्या कण्यापासून पोटाच्या मध्यरेषेपर्यंत, पट्ट्यासारखे असते. म्हणून फोडही एकाच बाजूला पट्ट्याने उठतात आणि बहुधा मध्यरेषेशी थांबतात. हा पट्टा आपल्या लोकांना सापासारखा दिसला, म्हणून नागीण हे नाव पडले. ग्रीक लोकांना तो कमरपट्ट्यासारखा दिसला. रोगाच्या शास्त्रीय नावातील ‘झोस्टर’ या शब्दाचा अर्थ कमरपट्टा असाच आहे. वेढा सहसा पूर्ण होत नाही तो शरीराच्या रचनेमुळे, मंत्रामुळे नव्हे. आणि एखाद्या दुबळ्या प्रकृतीच्या रुग्णात फोड दोन्ही बाजूंस पसरलेच, तर ते रुग्णालयात तातडीने नेण्याचे लक्षण समजावे. ‘वेढा पूर्ण झाला की माणूस दगावतो’ या समजुतीने माणूस घाबरतो, आणि घाबरलेला माणूस चुकीच्या दाराशी जातो.

खरे भय वेगळ्याच गोष्टीचे आहे. नागीण झालेल्यांपैकी सुमारे १० ते १८ टक्के लोकांना फोड बरे झाल्यावरही महिनोन् महिने, काहींना वर्षानुवर्षे, त्या जागी आग, ठणका किंवा विजेचा झटका बसल्यासारखी कळ येत राहते. माझ्या मावशीची व्यथा ती हीच. वय जितके अधिक, तितका हा धोका अधिक. दुसरे भय डोळ्याचे. कपाळावर, पापणीवर, विशेषतः नाकाच्या शेंड्यावर फोड दिसले, तर त्याच दिवशी नेत्रतज्ज्ञास दाखविले पाहिजे.

बहात्तर तास

लशीकडे वळण्यापूर्वी एक गोष्ट सांगितलीच पाहिजे, कारण तिला फारसा खर्च येत नाही. नागिणीवर असायक्लोव्हिरसारखी विषाणुरोधक औषधे उपलब्ध आहेत. असायक्लोव्हिरचा समावेश देशाच्या अत्यावश्यक औषधांच्या राष्ट्रीय सूचीत आहे. ही औषधे पुरळ उठल्यापासून ७२ तासांच्या आत सुरू झाली, तर त्यांचा गुण सर्वांत चांगला येतो. उशीर झाला तरी डॉक्टरांकडे जावेच. परंतु पहिल्या तीन दिवसांचे मोल मोठे आहे. शरीराच्या एकाच बाजूला आग होऊ लागली आणि मागोमाग फोडांचा पट्टा उठला, की वेळ न दवडता प्राथमिक आरोग्य केंद्र वा ग्रामीण रुग्णालय गाठावे. गेरू, शेंदूर वा शाई लावून फोड झाकू नयेत. डॉक्टरांना ते दिसत नाहीत आणि त्यांत जंतूंचा शिरकाव होऊन पू धरण्याचा संभव असतो.

नागीण एकाची दुसऱ्याला ‘नागीण’ म्हणून लागत नाही. मात्र ओल्या फोडांतील विषाणूचा संसर्ग, ज्याला कधी कांजिण्या आल्या नाहीत अशा मुलाला झाला, तर त्याला कांजिण्या येऊ शकतात. यासाठी फोड स्वच्छ कापडाने झाकावेत आणि ते वाळून खपली धरेपर्यंत तान्ही मुले व गरोदर स्त्रिया यांच्यापासून रुग्णाने दूर राहावे.

लस कशी आहे?

या रोगाला प्रतिबंध करणारी पहिली लस अमेरिकेत २००६ साली आली. ती दुबळ्या केलेल्या जिवंत विषाणूची होती, आणि २०२० साली तेथे तिची विक्री थांबविण्यात आली. तिची जागा घेणाऱ्या नव्या लशीला अमेरिकेत २०१७ साली मान्यता मिळाली आणि भारतात ती २०२३ साली ‘शिंग्रिक्स’ या नावाने उपलब्ध झाली. ५० वर्षे व त्यावरील व्यक्तींना दंडाच्या स्नायूत तिच्या दोन मात्रा टोचल्या जातात. दोन मात्रांत दोन ते सहा महिन्यांचे अंतर ठेवतात.

या लशीत जिवंत विषाणू नाही, मेलेलाही नाही. विषाणूच्या वेष्टनातील एकच प्रथिन तीत घातलेले आहे. म्हणून ‘लस घेतली आणि लशीनेच नागीण झाली’ असे घडू शकत नाही. एकटे प्रथिन वयस्क शरीराला पुरेसे जागे करीत नाही, म्हणून त्याच्या जोडीला एक साहाय्यक द्रव्य घातले जाते. त्याचा एक भाग चिली देशातील एका झाडाच्या सालीतून काढतात. आपल्याकडील रिठ्याप्रमाणे ही साल पाण्यात फेस देते. हे द्रव्य शरीराच्या संरक्षक पेशींना खडबडून जागे करते. लशीची ताकद त्यात आहे, आणि लस घेतल्यावर जो त्रास होतो त्याचे एक मोठे कारणही तेच आहे.

ताकद किती? २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या चाचणीत १८ देशांतील पन्नाशीवरील १५ हजारांहून अधिक व्यक्ती सहभागी झाल्या होत्या. निम्म्यांना लस व निम्म्यांना निव्वळ पाण्यासारखे निरुपद्रवी इंजेक्शन देण्यात आले. सरासरी तीन वर्षांहून थोड्या अधिक काळात लस न मिळालेल्या गटात २१० जणांना नागीण झाली; लस मिळालेल्या गटात फक्त ६ जणांना. सत्तरीवरील लोकांतही संरक्षण सुमारे ९० टक्के आढळले. काळाबरोबर ते काहीसे उणावते, तरी दहा वर्षांनंतरही ते बऱ्याच प्रमाणात टिकते, असे पुढील पाहणीत दिसून आले आहे.

गुरुजींची पहिली मात्रा

आता ज्यासाठी मी आपणांस एवढा वेळ बसविले, त्या मुद्द्याकडे येतो.

माझ्या परिचयातील एक निवृत्त मुख्याध्यापक आहेत. वय ६८, मधुमेह जुना. थोरल्या भावाची नागीण त्यांनी जवळून पाहिलेली. निवृत्तिवेतनातून पैसे बाजूला काढून त्यांनी लशीची पहिली मात्रा घेतली. टोचणाऱ्याने टोचले, पैसे घेतले, पावती दिली. पुढे काय होईल याविषयी एक शब्दही सांगितला नाही. त्या रात्री गुरुजींना थंडी वाजून आली, ताप भरला, अंग मोडून आले आणि दंड असा दुखू लागला की कूस बदलता येईना. मुलगा घाबरला. सकाळपर्यंत ‘गुरुजींना इंजेक्शन बाधले’ ही वार्ता सबंध गावात झाली. तिसऱ्या दिवशी गुरुजी ठणठणीत होऊन पारावर आले. पण वार्ता माघारी आली नाही. दुसरी मात्रा घ्यावयाची नाही, असे गुरुजींनी ठरविले, आणि लस घेण्याच्या विचारात असलेल्या आणखी चार-पाच जणांनीही तो विचार सोडून दिला.

गुरुजींना जे झाले ते बाधणे नव्हते. ते अपेक्षित होते. फक्त कोणी ते सांगितले नव्हते.

काय अपेक्षावे?

चाचण्यांतील आकडे सरळ सांगतो. पन्नाशीवरील १०० माणसांनी ही लस घेतली, तर त्यांपैकी सुमारे ७८ जणांचा दंड दुखतो, ३८ जणांच्या दंडावर लाली येते, २६ जणांना सूज येते. सुमारे ४५ जणांचे अंग दुखते, तितक्याच जणांना थकवा येतो. ३८ जणांचे डोके दुखते, २७ जणांना थंडी वाजते, २० जणांना ताप येतो आणि १७ जणांना मळमळ, पोटदुखी यांसारखा त्रास होतो. साधारण सहांपैकी एकाला हा त्रास एवढा जाणवतो की एखाद-दुसरा दिवस नेहमीची कामे करता येत नाहीत. सत्तरीवरील लोकांना हा त्रास पन्नाशी-साठीतील लोकांपेक्षा कमी होतो. पहिल्या मात्रेला काहीच झाले नाही म्हणून दुसरीला होणार नाही, किंवा पहिलीला झाले म्हणून दुसरीला होईलच, असा नियम नाही.

हा त्रास बहुधा दोन-तीन दिवसांत आपोआप ओसरतो. तोवर विश्रांती घ्यावी, पाणी भरपूर प्यावे, दंडावर ओल्या कापडाची थंड घडी ठेवावी. ताप वा अंगदुखी असह्य झाल्यास डॉक्टरांच्या सल्ल्याने पॅरासिटामॉल घ्यावे. दंड चोळू नये, त्यावर कसलाही लेप लावू नये.

आपल्या तालुक्याच्या संदर्भात एक व्यावहारिक सूचना करतो. द्राक्षबागेची छाटणी किंवा तोडणी ऐन भरात असताना, घरात लग्नकार्य असताना, अथवा दुसऱ्या दिवशी सप्तशृंगीच्या गडावर जावयाचे असताना लस घेऊ नये. पुढले दोन-तीन दिवस मोकळे आहेत असे पाहून ती घ्यावी. एकट्या राहणाऱ्या वृद्धाने त्या रात्री कोणास तरी सोबतीस बोलवावे.

क्वचित घडणाऱ्या गोष्टी

ज्या गोष्टी अपेक्षित नाहीत, त्याही सांगितल्या पाहिजेत. कोणत्याही लशीने क्वचित एखाद्याला तीव्र वावडे होऊ शकते. अंगावर गांधी उठणे, चेहरा वा घसा सुजणे, श्वास लागणे, चक्कर येणे ही त्याची लक्षणे. असे झाल्यास ते बहुधा टोचल्यानंतर थोड्याच वेळात होते, म्हणून १५ ते ३० मिनिटे दवाखान्यातच बसून राहावे. पहिल्या मात्रेला असे वावडे झाले असेल, तर दुसरी घेऊ नये.

दुसरी गोष्ट गुलियन-बॅरे या मज्जातंतूंच्या आजाराची. २०२५ च्या जानेवारीत पुण्यात या आजाराचे अनेक रुग्ण आढळले, तेव्हा हे नाव घराघरांत पोचले. त्या साथीचा या लशीशी काहीही संबंध नव्हता. परंतु अमेरिकेत ६५ वर्षांवरील लोकांच्या पाहणीत असे दिसले की, ही लस घेतल्यानंतरच्या सहा आठवड्यांत या आजाराचे प्रमाण किंचित वाढते. ते दर दहा लाख मात्रांमागे सुमारे ३ रुग्ण इतके आहे. तेथील औषध प्रशासनाने २०२१ साली याबाबतची सूचना लशीच्या माहितीपत्रकात घालावयास लावली. धोका अतिशय लहान आहे, पण तो लपविण्याचे कारण नाही. लशीनंतर पायांपासून वर चढत जाणारा अशक्तपणा, मुंग्या येणे किंवा चालताना तोल जाणे असे काही जाणवल्यास ताबडतोब रुग्णालयात जावे. आपल्या देशात लशीनंतरच्या अशा घटनांची नोंद ठेवण्याची व्यवस्था आहे. वैद्यकीय अधिकाऱ्याला सांगितल्यास ती होते.

दोन-तीन दिवसांत न ओसरणारा ताप किंवा वाढत जाणारी सूज हीदेखील डॉक्टरांना दाखवावयाची बाब आहे. ‘लशीचेच असेल’ म्हणून ती अंगावर काढू नये. ताप दुसऱ्याच कारणाचा असू शकतो.

कोणी घ्यावी, केव्हा घ्यावी?

कांजिण्या येऊन गेल्याचे आठवत नसले तरी लस घेता येते. पन्नाशी ओलांडलेल्या बहुतेकांच्या शरीरात तो विषाणू असतोच. एकदा नागीण होऊन गेलेल्यांनाही ती घेता येते, मात्र फोड पूर्ण बरे झाल्यावर. चालू असलेल्या नागिणीवर वा तिच्यामागून राहिलेल्या वेदनेवर ही लस म्हणजे उपचार नव्हे. अंगात ताप असेल, तर बरे होईपर्यंत थांबावे. गरोदर स्त्रीने ती पुढे ढकलावी. दुसऱ्या मात्रेला सहा महिन्यांहून उशीर झाला, तरी पहिली वाया जात नाही. पुन्हा प्रारंभापासून घ्यावी लागत नाही, राहिलेली मात्रा शक्य तितक्या लवकर घ्यावी.

एक अडचण मोकळेपणाने मान्य केली पाहिजे. ही लस शासनाच्या सार्वत्रिक लसीकरण कार्यक्रमात नाही. ती विकत घ्यावी लागते आणि दोन्ही मात्रांचा खर्च हजारो रुपयांत जातो. मजुरी करणाऱ्या कुटुंबाला तो झेपणारा नाही. म्हणून प्रत्येकाने ती घेतलीच पाहिजे, असा आग्रह मी धरणार नाही. ज्यांना शक्य आहे त्यांनी, विशेषतः वयस्क, मधुमेही आणि प्रतिकारशक्ती दुबळी असलेल्यांनी, आपल्या डॉक्टरांशी बोलून निर्णय घ्यावा. ज्यांना शक्य नाही त्यांच्यासाठी बहात्तर तासांचा नियम आहेच.

महाराष्ट्रातील एक जुना दाखला

लशीचा त्रास आधी सांगावा की सांगू नये? सांगितला तर लोक पळतील, अशी शंका पुष्कळांना येते. या शंकेचे उत्तर आपल्याच राज्याच्या इतिहासात आहे.

१८९६ साली मुंबईत प्लेगची साथ आली. शास्त्रज्ञ वाल्डेमार हाफकिन यांना तेथे पाचारण करण्यात आले. ग्रँट वैद्यकीय महाविद्यालयातील अपुऱ्या जागेत काही थोड्या महिन्यांत त्यांनी प्लेगची लस तयार केली आणि १० जानेवारी १८९७ रोजी ती सर्वप्रथम स्वतःच्या शरीरात टोचून घेतली. त्यांना ताप आला, टोचल्या जागी वेदना झाल्या. ते सारे त्यांनी सोसले आणि जगाला सांगितलेही. त्यानंतर भायखळ्याच्या तुरुंगात तिची चाचणी झाली. मुंबईत परळ येथे १८९९ साली जेथे त्यांची प्रयोगशाळा आली, तीच संस्था १९२५ पासून हाफकिन यांच्या नावाने ओळखली जाते. ‘मला स्वतःला ताप आला होता आणि मी बरा झालो,’ असे सांगू शकणारा माणूस लोकांच्या मनात जो विश्वास निर्माण करतो, तो नुसत्या आश्वासनाने निर्माण होत नाही.

दुसरा दाखला आपणा सर्वांच्या अनुभवातील आहे. १६ जानेवारी २०२१ रोजी देशात कोविडचे लसीकरण सुरू झाले. प्रारंभी खेडोपाडी किती भीती होती, हे येथील शिक्षकांना व आशा कार्यकर्तींना मी सांगण्याची गरज नाही. लस घेतल्यावर एक-दोन दिवस कणकण येते, हे पुढे घरोघरी माहीत झाले. सरपंचाला ताप आला, गुरुजींना ताप आला, दोघेही तिसऱ्या दिवशी कामावर आले. लोकांनी हे पाहिले आणि रांगा लागल्या. ताप तोच होता. पूर्वी त्याचे भय वाटत होते, नंतर तो माहितीचा झाला, इतकाच फरक.

आपले काम

शिक्षक बंधुभगिनींनो, आपल्या वर्गातील मुलाला कांजिण्या आल्या, तर त्याच्या आजी-आजोबांना नागिणीची गोष्ट सांगण्याची ती उत्तम संधी आहे. ‘तोंड आणि शेपूट’ ही समजूत का चुकीची, हे फळ्यावर पाठीच्या कण्याची एक आकृती काढून पाच मिनिटांत समजावता येते. मुलाने घरी जाऊन सांगितलेली गोष्ट आजी आवडीने ऐकते.

ग्रामपंचायत सदस्यांनी ग्रामसभेत दोनच वाक्ये सांगावीत. एका बाजूला फोडांचा पट्टा दिसला की तीन दिवसांच्या आत दवाखाना. कपाळावर वा डोळ्याजवळ दिसला की त्याच दिवशी. गावात जाणता असेल, तर त्याचा उपहास करू नये. त्यालाही ही दोन वाक्ये सांगावीत. लोक प्रथम त्याच्याकडेच जातात. त्याने पहिल्याच दिवशी ‘आधी दवाखान्यात जा’ म्हटले, तर त्या एका शब्दाने एखाद्याचा डोळा वाचेल.

आणि ज्यांनी लस घेतली आहे, त्यांनी आपला अनुभव जसा झाला तसा सांगावा. दंड दुखला तर दुखला म्हणावे. काहीच झाले नाही असे खोटे सांगू नये. आपले ऐकून लस घेणाऱ्या शेजाऱ्याला त्याच रात्री ताप भरला, तर तो लशीवरचा आणि आपल्यावरचा विश्वास एकदमच गमावून बसेल.

शेवटी गुरुजींचे काय झाले ते सांगून आपली रजा घेतो. मी त्यांना भेटलो तेव्हा पहिल्या मात्रेला सात महिने होऊन गेले होते. वर जे आकडे सांगितले, ते त्यांच्यापुढे ठेवले. त्यांनी चष्मा लावून ते दोनदा वाचले आणि विचारले, ‘शंभरात वीस जणांना ताप येतो हे ठाऊक असलेलाच आकडा आहे, तर मग मला तो आधी का नाही सांगितला?’ याचे उत्तर माझ्यापाशी नव्हते. पुढच्या महिन्यात त्यांनी दुसरी मात्रा घेतली. याही वेळी थंडी वाजली, ताप आला. पण या खेपेस त्यांनी सुनेला आधीच सांगून ठेवले होते, घोंगडी उशाशी घेतली होती आणि दुसऱ्या दिवशी विचारपूस करावयास आलेल्या प्रत्येकाला ते ओसरीवरून सांगत होते, ‘काही नाही, दोन दिवसांचा पाहुणा आहे. येणार म्हणून माहीत होता.’

विद्यापीठापासून ओसरीपर्यंतचे जे अंतर मी प्रारंभी म्हटले, ते त्या दिवशी त्या एका घरापुरते संपले. आपल्या गावातील इतर ओसऱ्यांपर्यंत ते संपविणे आपल्या हाती आहे.